चोर पिंपात, कुत्री पिंपात!

खाटकाकडचा माणूस मटण घेऊन रस्त्याने चाललाय. तेवढ्यात फाटक्या कपड्यांतला एक भणंग येतो, मटणाची तंगडी उचलतो आणि ठोकतो धूम! त्याच्या मागे कोण लागतं? कुत्री! वास लागल्यावर ती कसली सोडतायत? चोर जीव मुठीत घेऊन एका मोठ्या पिंपात उडी मारतो. कुत्रीही धपाधप त्याच पिंपात! मटणवाला धावत येतो आणि एकेक कुत्रं उचलून बाहेर काढतो. शेवटी निघतो चोर. आणि मटण? उरतं फक्त हाडूक.

संपला सिनेमा! नाव ‘स्टॉप थीफ!’, साल १९०१. आवाज नाही, रंग नाही. तुमचं दूध पिऊन होईल, तेवढ्यात आटोपतो.

तो काढला जेम्स विल्यमसन यांनी, इंग्लंडमधल्या होव्ह या समुद्रकाठच्या गावात. त्यांचं मूळचं दुकान औषधांचं. फोटो धुवायला रसायनं लागतात ना, त्यातूनच त्यांना फोटोंचा आणि पुढे सिनेमाचा नाद लागला.

आता खरी गंमत. फिल्मच्या पट्टीवर चोर पळत नसतोच. तिथे असतात त्याचे स्थिर फोटो. तेव्हा सेकंदाला साधारण १६ फोटो डोळ्यांसमोरून सरकायचे आणि आपला मेंदू म्हणायचा, ‘अरे, पळाला!’

मला त्याहून नवल वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीचं. हा सिनेमा म्हणजे वेगवेगळे काढलेले तीन तुकडे. एका तुकड्यात चोर पळत चौकटीबाहेर जातो, पुढच्या तुकड्यात दुसऱ्याच जागी पळत आत येतो. मधला रस्ता कुणी दाखवलाच नाही! तरी तोच चोर, तीच धाव, हे आपल्याला बरोबर कळतं. त्या काळी बहुतेक सिनेमे एकाच तुकड्याचे असत, त्यामुळे ही जोडणी अगदी नवी होती. आज कार्टूनमधला पाठलाग बघाल, तेव्हा तुकडे मोजून बघा. बोटं पुरायची नाहीत!

पुढे विल्यमसन यांची कंपनी कॅमेरेही बनवू लागली. १९१२ साली त्र्यंबकेश्वरचे धुंडिराज गोविंद फाळके लंडनला गेले आणि तिथे त्यांनी विल्यमसन कॅमेरा विकत घेतला. आपले दादासाहेब फाळके! ‘राजा हरिश्चंद्र’ हा सिनेमा काढण्याआधी त्यांनी कॅमेरा रोखला कुंडीतल्या वाटाण्यावर. थांबून थांबून एकेक फोटो घेतला आणि पडद्यावर काही क्षणांतच अंकुराचा वेल झाला.