कोड कशासाठी?

जर्मनीतल्या वाल्डॉर्फमध्ये एसएपी या सॉफ्टवेअर कंपनीचं मुख्यालय आहे आणि पुण्यात त्याच कंपनीची कचेरी. या दोन गावांत विभागलेल्या मराठी घरांतल्या मावस-चुलत भावंडांना भेटायला ऑनलाइन गेम ही हक्काची जागा असते, आणि तिथे सगळ्यात जास्त देवाणघेवाण होते ती गेममध्ये बक्षीस मिळवून देणाऱ्या मोफत कोडची. मोठ्यांना हा रिकामटेकडेपणा वाटतो. बारकाईने पाहिलं तर ते चांगलंच किचकट काम आहे. ‘गेन्शिन इम्पॅक्ट’ची नवी आवृत्ती येण्याआधी कंपनी एक थेट प्रक्षेपण करते. जर्मनीत उन्हाळ्यात तेव्हा बहुधा दुपारचे 2 वाजलेले असतात, पुण्यात संध्याकाळचे साडेपाच. कार्यक्रमाच्या अधूनमधून तीन कोड पडद्यावर येतात. ते टिपायचे, अधिकृत पानावर लॉगिन करायचं, आपला सर्व्हर निवडायचा, एकेक कोड टाकायचा आणि मग गेममधल्या टपालपेटीतून बक्षीस उचलायचं. हे सगळं मुदत संपण्याआधी. ‘फ्री फायर’चा कोड 12 किंवा 16 अक्षर-अंकांचा असतो आणि तो प्रदेशाशी बांधलेला असतो; पुण्याच्या भावाने मोठ्या प्रेमाने पाठवलेला भारतातला कोड युरोपातल्या अकाउंटवर चालत नाही. पाहुणा म्हणून खेळणाऱ्याला तर तो वापरताच येत नाही. आधी फेसबुक, गूगल अशा एखाद्या खात्याशी गेम जोडावा लागतो.

वस्तू फुकट द्यायची आहे, तर मग एवढे सोपस्कार कशासाठी? दुकानदाराच्या सवलतीला मुदत असते, कारण त्याच्याकडचा माल संपतो. गेममधला पोशाख दहा जणांना दिला काय आणि दहा लाख जणांना दिला काय, वखारीतून काहीच कमी होत नाही. शिवाय सगळ्यांना द्यायची इच्छा असली की कंपन्यांना कोडची गरज पडत नाही. ‘गेन्शिन’चे सर्व्हर दुरुस्तीसाठी पाचेक तास बंद राहिले की भरपाईचे 300 प्रायमोजेम, म्हणजे गेममधलं चलन, थेट खेळाडूच्या टपालपेटीत येऊन पडतात आणि बरेच दिवस तिथे राहतात. प्रक्षेपणातले तीन कोड मिळूनही 300 च होतात, पण ते शोधावे लागतात, वेळेत टाकावे लागतात. रक्कम तीच, मग फरक उरतो तो मुलाकडून करवून घेतलेल्या धावपळीचा. माझ्या मते कोडचं खरं प्रयोजन तेवढंच आहे: मुलाने ठरल्या वेळी हजर व्हावं, जाहिरातवजा कार्यक्रम शेवटपर्यंत पाहावा, चार मित्रांना कळवावं आणि पुन्हा गेममध्ये यावं. त्यातला हिशेबही पाहण्यासारखा आहे. नशीब आजमावण्याच्या एका सोडतीला 160 प्रायमोजेम लागतात, दोनला 320. तीन कोडांचे 300 हातात आले की दुसऱ्या सोडतीला नेमके 20 कमी पडतात. ते खेळून मिळतात किंवा विकत घेता येतात.

यावर कुणी म्हणेल, जाहिरात कोण करत नाही? पैसे तर मागितले नाहीत. रोब्लॉक्स या गेमच्या मंचावर एकट्यादुकट्याने गेम बनवणारा एखादा तरुण ‘इतके लाइक झाले की नवा कोड’ असं म्हणतो, तेव्हा मला त्यात वावगं दिसत नाही. त्याच्याकडे जाहिरातीचं दुसरं साधन नसतं. पण मोठ्या कंपनीला ही सबब चालणार नाही. पैसे मागितले नसले तरी मुलाचा वेळ घेतलेला असतो, आणि मुदतीच्या धाकाने घेतलेला असतो. या धाकाची किंमत पुढे वेगळीच मोजावी लागते. घाईतलं मूल ‘मोफत रोबक्स’ (रोब्लॉक्सवरचं चलन) देणाऱ्या बनावट पानावर आपला पासवर्ड टाकून मोकळं होतं. रोबक्स फुकट बनवून देणारं यंत्र अस्तित्वातच नाही, असं रोब्लॉक्स स्वतः सांगते. तरी अशी पानं टिकून आहेत, कारण खऱ्या कोडांनीच मुलांना ‘आत्ता, लगेच’ची सवय लावलेली आहे.

कायद्याची नजर इथवर यायला हवी. वाल्डॉर्फहून दक्षिणेला थोड्याच अंतरावर कार्ल्सरुहऽ आहे. तिथल्या जर्मनीच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाने 2013 साली ‘रून्स ऑफ मॅजिक’ या गेमची जाहिरात बेकायदा ठरवली. मुलांच्या भाषेत, एकेरीत हाक मारून त्यांना थेट खरेदीला उद्युक्त केलं, हा आक्षेप होता. नेदरलँड्सच्या ग्राहक प्राधिकरणाने 2024 मध्ये ‘फोर्टनाइट’च्या एपिक कंपनीला 11 लाख युरोंहून अधिक दंड केला, त्यात दुकानातल्या वस्तूंवर दिशाभूल करणारी उलटमोजणीची घड्याळं लावण्याचाही मुद्दा होता. दोन्ही निकाल खरेदीबद्दलचे आहेत. पण कोडवर टांगलेलं घड्याळ त्याच जातीचं आहे. मुलांच्या गेममधल्या प्रत्येक कोडला किमान 30 दिवसांची मुदत असावी आणि ती कोडशेजारीच छापलेली असावी, अशी मागणी पालकांनी कंपन्यांकडे आणि ग्राहक संघटनांकडे करावी. आणि तोवर मुलाला कोड टाकायचाच असेल, तर तो गेमच्या अधिकृत पानावरच टाकला जातोय ना, हे शेजारी बसून पाहावं.