सोपारा : पावित्र्य भूमीचे की आचरणाचे?

वैशाख पौर्णिमेच्या सुमारास ऐरोली परिसरातील उपासक-उपासिका धम्मसहलीसाठी नालासोपाऱ्याला जातात. ठाणे आणि दादर येथे गाड्या बदलून नालासोपारा स्थानकावर उतरायचे व तेथून पश्चिमेस सोपारा गावातील स्तूपापर्यंत जायचे, असा हा एका दिवसाचा कार्यक्रम असतो. विटांच्या त्या भग्न स्तूपाला वंदन होते, त्रिशरण-पंचशील ग्रहण केले जाते आणि परतीच्या वाटेवर आम्हास एक प्रश्न हमखास विचारला जातो : भगवान बुद्ध येथे प्रत्यक्ष आले होते काय?

‘होय’ म्हटले तर विचारणाऱ्याचा चेहरा उजळतो. ‘नाही’ म्हटले तर तो खट्टू होतो. परंतु केवळ आनंद व्हावा म्हणून उत्तर देणे हे धम्माच्या अभ्यासकास शोभणारे नाही आणि केवळ चिकित्सेच्या हौसेने श्रद्धेवर पाणी टाकणेही उचित नाही. म्हणून सोपाऱ्याचे धार्मिक माहात्म्य नेमके कशात आहे, साहित्य त्याविषयी काय सांगते आणि पाषाण काय सांगतात, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

नगर आणि त्याची नावे

पूर्वी ठाणे जिल्ह्यात आणि २०१४ पासून पालघर जिल्ह्यात मोडणारे आजचे सोपारा म्हणजेच पालि साहित्यातील ‘सुप्पारक’ आणि संस्कृत साहित्यातील ‘शूर्पारक’ होय. वसईच्या खाडीच्या उत्तरेस वसलेले हे अपरान्ताचे प्रमुख बंदर होते. ग्रीक लेखकांनीही ‘सुप्पारा’, ‘सौपारा’ अशा नावांनी त्याची नोंद केली आहे. सिंहली परंपरेत तर या बंदराला एका आरंभकथेतच स्थान मिळाले आहे. महावंसानुसार राजपुत्र विजय लंकेला पोहोचण्यापूर्वी सुप्पारकाला उतरला होता. परंतु त्याच्या अनुयायांच्या दांडगाईमुळे त्याला तेथून पुन्हा गलबतात चढावे लागले.

हे नगर एकट्या बौद्धांचे कधीच नव्हते. महाभारताच्या वनपर्वात पांडवांच्या तीर्थयात्रेत शूर्पारक येते आणि परशुरामासाठी समुद्राने मोकळी केलेली भूमी म्हणूनही ते ओळखले जाते. नहपानाचा जावई उषवदात याच्या नाशिक येथील लेखात शूर्पारकातील रामतीर्थाचा उल्लेख आहे. जैन आचार्य जिनप्रभसूरी यांनी चौदाव्या शतकातील विविधतीर्थकल्पात सोपारकाची गणना तीर्थांमध्ये केली आहे. एकच नगर तीन परंपरांना पवित्र वाटले; मात्र पावित्र्याची कल्पना तिन्ही ठिकाणी एकच होती, असे समजण्याचे कारण नाही.

पालि साहित्यातील पवित्र स्थळ

मज्झिमनिकायातील वत्थूपम सुत्तात सुंदरिक भारद्वाज नावाचा ब्राह्मण तथागतांना बाहुका नदीवर स्नानास येण्याविषयी विचारतो. त्यावर तथागत त्याला समजावतात की, नदीचे पाणी दुष्कृत्य करणाऱ्याला शुद्ध करू शकत नाही; प्राणिमात्रांशी क्षेमाने वागणे हेच खरे स्नान. पाण्याच्या किंवा मातीच्या अंगी पाप धुण्याचे सामर्थ्य असते, ही कल्पना येथे स्पष्टपणे नाकारलेली आहे.

मग दीघनिकायातील महापरिनिब्बान सुत्तात चार स्थळांच्या दर्शनाचा उपदेश का केला आहे, असे कोणी विचारील. जन्म, संबोधी, धम्मचक्कपवत्तन आणि महापरिनिब्बान यांची ही स्थळे ‘संवेजनीय’ म्हणून सांगितली आहेत. संवेजनीय म्हणजे संवेग उत्पन्न करणारे. अनित्यतेच्या जाणिवेने मन हलते आणि जागे होऊन प्रयत्नास लागते, त्या अवस्थेस संवेग म्हणतात. तेव्हा स्थळ हे निमित्त आहे. कार्य घडावयाचे ते पाहणाऱ्याच्या चित्तात. या चार स्थळांत सुप्पारक नाही, हे प्रथमच मान्य केले पाहिजे. तरीही त्याला संवेजनीय म्हणण्याजोगे पुरेसे कारण पालि साहित्यातच आहे आणि ते दोन व्यक्तींच्या रूपाने आहे.

सुप्पारकाहून गेलेला बाहिय

पहिली व्यक्ती बाहिय दारुचीरिय. उदानाच्या पहिल्याच वग्गात त्याची कथा आहे. झाडाच्या सालीची वस्त्रे वापरणारा हा तपस्वी सुप्पारक येथे समुद्रतीरी राहत असे. लोक त्याला भिक्षा, वस्त्र, निवास, औषध सर्व काही देत, मान देत. या मानामुळे आपण अर्हत आहोत की काय, असे त्याला वाटू लागले. तेव्हा पूर्वी त्याची नातलग असलेल्या एका देवतेने त्याला सांगितले की, तू अर्हत नाहीस आणि त्या मार्गावरही नाहीस. अर्हत श्रावस्तीला आहेत.

या क्षणी बाहियाने जे केले त्यात त्याचे मोठेपण आहे. सारे नगर ज्याच्या पाया पडते, त्याने आपले अज्ञान कबूल करावे आणि तत्काळ उठून चालू लागावे, ही सामान्य गोष्ट नव्हे. श्रावस्तीला पोहोचल्यावर भिक्षाटन करीत असलेल्या तथागतांना त्याने भररस्त्यात उपदेशाची विनंती केली. दोनदा त्यांनी ही योग्य वेळ नसल्याचे सांगितले, तरी आयुष्याचा भरवसा नाही म्हणून त्याने तिसऱ्यांदा विनवले. पाहताना केवळ पाहणे असावे, ऐकताना केवळ ऐकणे असावे, त्यात ‘मी’ आणि ‘माझे’ मिसळू नये, अशा आशयाचा अगदी संक्षिप्त उपदेश त्याला मिळाला आणि तेवढ्यानेच त्याचे चित्त विमुक्त झाले. थोड्याच वेळात वासरू असलेल्या एका गाईच्या धडकेने त्याचा मृत्यू झाला. तथागतांनी भिक्खूंना त्याच्या देहाचे दहन करून थूप उभारण्यास सांगितले. अंगुत्तरनिकायात शीघ्र ज्ञान प्राप्त करणाऱ्यांमध्ये त्यालाच अग्र म्हटले आहे.

सुनापरान्ताला परतलेला पुण्ण

दुसरी व्यक्ती स्थविर पुण्ण. मज्झिमनिकायातील पुण्णोवाद सुत्तात तो सुनापरान्त जनपदात जाण्याची इच्छा प्रकट करतो. सुत्तात नगराचे नाव नाही. पुण्ण हा सुप्पारक पत्तनाचा, ही माहिती थेरगाथेची अट्ठकथा देते. तथागत त्याला सावध करतात की, तेथील लोक उग्र आणि कठोर आहेत; त्यांनी शिव्या दिल्या तर तू काय करशील? पुण्ण म्हणतो, हाताने मारले नाही म्हणून ते भले आहेत असे मी मानीन. हाताने मारले तर? ढेकळांनी मारले नाही म्हणून भले. ढेकळे, काठी, शस्त्र अशी प्रश्नांची पायरी चढत जाते आणि अखेर जीव घेतला तर काय, येथवर पोहोचते. त्यावरही पुण्णाच्या मनात द्वेष उमटत नाही. असा संयम आणि उपशम अंगी असल्याने तू तेथे राहू शकशील, असे म्हणून तथागत त्याला अनुमती देतात. त्या एकाच वर्षावासात त्याने पाचशे उपासक आणि पाचशे उपासिका यांना धम्मात स्थिर केले, स्वतः तीन विद्या प्राप्त केल्या आणि कालांतराने त्याचे परिनिब्बाण झाले, असे सुत्त सांगते.

दिव्यावदान या संस्कृत ग्रंथातील पूर्णावदानात हीच व्यक्ती अधिक तपशिलाने येते. तेथे पूर्ण हा शूर्पारकातील भव नावाच्या धनाढ्य गृहपतीला दासीपासून झालेला पुत्र आहे. कर्तबगार असूनही भावांमध्ये वाटणी होताना त्याला समान वाटेकरी मानले जात नाही. पुढे चंदनाच्या व्यापारात तो स्वतःच्या बुद्धीने वैभव मिळवतो. समुद्रप्रवासात श्रावस्तीच्या व्यापाऱ्यांच्या तोंडून बुद्धवचन ऐकतो आणि प्रव्रज्या घेतो. ज्याला जन्मामुळे घरात वाटा नाकारला गेला, तोच पुढे त्या प्रदेशाला धम्माचा वाटा देण्यासाठी परत जातो. आपल्या वाचकांना या तपशिलाचे मोल वेगळे समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

आगमनाची कथा कशी वाढली

आता मूळ प्रश्नाकडे वळू. पुण्णोवाद सुत्तात तथागत सुनापरान्तात आले, असे कोठेही म्हटलेले नाही. आगमनाची कथा उत्तरकालीन साहित्यात येते. पूर्णावदानात पूर्णाच्या निमंत्रणावरून तथागत आकाशमार्गाने शूर्पारकाला येतात आणि चंदनाच्या प्रासादात त्यांचे स्वागत होते. पाचव्या शतकातील आचार्य बुद्धघोषांच्या अट्ठकथेतही चंदनाची शाला आहे, आकाशमार्ग आहे, वाटेत सच्चबंध पर्वतावरील तपस्व्याला दिलेला उपदेश आहे आणि परतताना नम्मदा नदीच्या काठी व त्या पर्वतावर उमटविलेली पदचिन्हे आहेत.

कथेचा प्रवास येथेच थांबला नाही. ब्रह्मदेशातील बौद्धांनी सुनापरान्त म्हणजे आपल्याच इरावती नदीच्या पश्चिमेचा प्रदेश, असे मानले आणि तेथील श्वेसेत्तो येथे आजही पदचिन्हांची पूजा होते. थायलंडमध्ये सराबुरी येथील पदचिन्हाचा संबंध सतराव्या शतकापासून याच सच्चबंध पर्वताशी जोडला जातो. आपल्या भूमीवर तथागतांचे पाऊल पडले असावे, ही श्रद्धावंतांची इच्छा सर्वत्र सारखीच असते. ती समजून घ्यावी, तिचा उपहास करू नये. परंतु इच्छेला इतिहास म्हणू नये. तर्काला आणि बुद्धीला धरून असेल तेच बुद्धवचन मानावे, अशी कसोटी बाबासाहेबांनी ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ या १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात दिली आहे. ती लावली असता आकाशमार्गाने झालेले आगमन इतिहास म्हणून स्वीकारता येत नाही.

पाषाणांची साक्ष

सोपाऱ्याचा पुरावा केवळ कथांवर अवलंबून नाही. १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांना येथे सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला. १९५६ मध्ये जवळच्या भुईगाव येथे नवव्या लेखाचा तुकडा सापडला. या दोन लेखांचे विषय आपल्या प्रश्नाच्या दृष्टीने लक्षणीय आहेत. आठव्या लेखात अशोक सांगतो की, पूर्वीचे राजे मृगयेसारख्या विहारयात्रा करीत. आपण मात्र संबोधीच्या स्थळी गेलो आणि तेव्हापासून धम्मयात्रा सुरू झाली. श्रमण-ब्राह्मणांचे दर्शन व दान, वृद्धांची भेट, जनपदातील लोकांशी धम्मविषयक संवाद हे त्या यात्रेचे स्वरूप. नवव्या लेखात आजारपण, विवाह, अपत्यजन्म, प्रवास अशा प्रसंगी होणारे निरर्थक विधी अल्पफल असल्याचे सांगून, दास-सेवकांशी योग्य वर्तन, गुरुजनांचा आदर, प्राण्यांविषयी संयम आणि दान यांनाच धम्ममंगल म्हटले आहे. यात्रा कशी करावी आणि मंगल कशास म्हणावे, या दोन्ही गोष्टी सोपाऱ्याच्या परिसरात सुमारे सव्वादोन हजार वर्षांपूर्वी दगडावर कोरल्या गेल्या होत्या.

कार्ल्याच्या चैत्यगृहातील एका स्तंभावर सोपाऱ्याच्या धम्मुत्तरीय निकायातील भाणकाने धातुयुक्त स्तंभ दान केल्याचा लेख आहे. भाणक म्हणजे सुत्ते मुखोद्गत करून पठण करणारा. पुण्णाची परंपरा येथे पुढे चालू होती, हे यावरून दिसते.

त्याच १८८२ साली ‘बुरुड राजाचा कोट’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या टेकाडाचे उत्खनन भगवानलालांनी केले आणि स्तूप उघड झाला. आतील दगडी पेटीत तांब्याचा करंडक होता. त्याच्याभोवती आठ कांस्य बुद्धमूर्ती, म्हणजे सात बुद्ध आणि मैत्रेय, मांडलेल्या होत्या. करंडकाच्या आत एकात एक असे चांदीचा, दगडाचा, स्फटिकाचा आणि सोन्याचा करंडक होते. सोबत सोन्याची फुले आणि यज्ञश्री सातकर्णीचे चांदीचे नाणेही मिळाले. नाणे दुसऱ्या शतकाच्या अखेरीच्या सुमाराचे, तर मूर्ती साधारणतः आठव्या-नवव्या शतकातील मानल्या जातात. यावरून येथील उपासना कित्येक शतके चालू असल्याचे दिसते. हे अवशेष मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहात आहेत.

सर्वांत आतल्या सुवर्णकरंडकात काय होते? मातीच्या भांड्याची तेरा लहान शकले. ती तथागतांच्या भिक्षापात्राची म्हणून जपली गेली असावीत, असे भगवानलालांचे मत होते. ती खरोखर त्या पात्राची आहेत किंवा नाहीत, हे सिद्ध करता येणार नाही. परंतु ज्यांनी ती ठेवली त्यांची दृष्टी स्पष्ट आहे. सोने, स्फटिक आणि चांदी ही आवरणे झाली. मोलाची वस्तू होती माती. रोज दारोदार जाऊन जनतेशी नाते जोडणाऱ्या आचरणाचे ते साधन होते.

निष्कर्ष

तेव्हा सहलीत विचारल्या जाणाऱ्या प्रश्नाला आम्ही असे उत्तर देतो : तथागत येथे आल्याचे प्राचीन सुत्तांत सांगितलेले नाही, पुढील काळातील भक्तांनी ते सांगितले. परंतु येथून एक जण आपले अज्ञान ओळखून धम्म शोधण्यास गेला आणि दुसरा, अपमान व मृत्यू यांची तयारी ठेवून, या भूमीला धम्म देण्यास आला. तथागतांचे पाऊल येथे पडले नसेल. त्यांचा धम्म मात्र निश्चितपणे आला आणि तो माणसांच्या आचरणातून आला. सोपाऱ्याला पवित्र म्हणावयास याहून मोठ्या चमत्काराची आवश्यकता नाही.

हे उत्तर ऐकून प्रथम काहींची निराशा होते, हे आम्ही पाहिले आहे. पण पुढच्या वर्षी सहलीला निघताना पुण्णोवाद सुत्ताचा मराठी अनुवाद घरी वाचून यावा आणि स्तूपाजवळ बसून त्याची चर्चा करावी. शिवीला शिवीने उत्तर न देण्याचा पुण्णाचा निश्चय आपल्या वस्तीत, कार्यालयात आणि कुटुंबात कितपत उतरतो, हे तेथेच एकमेकांना विचारावे. असे झाले तर ती अशोकाला अभिप्रेत असलेली धम्मयात्रा होईल. एरवी ती केवळ एका दिवसाची सहल राहील.