वेल्डरची नजर यंत्रात

कुसगावपासून समुद्र लांब, मध्ये अख्खा बोरघाट. तरी नौदलाचे इंजिनवाले घडतात ते इथे शेजारी लोणावळ्यालाच, ‘आयएनएस शिवाजी’त, १९४५ पासून. तेव्हा मुलाला आयटीआयला घालणाऱ्या आईबापांनी हे जरूर वाचावे.

१५ जानेवारी २०२५ रोजी माझगाव डॉकने बांधलेली ‘आयएनएस सुरत’ नौदलात दाखल झाली. कृत्रिम बुद्धिमत्ता असलेली आपली पहिली युद्धनौका म्हणून तिचा गाजावाजा झाला. पण ही बुद्धिमत्ता बांधणीच्या कामातही शिरते आहे, आणि तिथे प्रश्न कामगाराच्या पोटाचा आहे.

जहाज म्हणजे पोलादी प्लेटांचे जोडकाम. जोडात हवेचा बुडबुडा किंवा चीर राहिली तर घात. म्हणून जोडाचा क्ष-किरण फोटो काढून जाणकार माणूस तो तपासतो. आता संगणक हे काम शिकतो. कसा? जाणत्या माणसांनी ढीगभर फोटोंवर ‘ही चीर, हा बुडबुडा’ अशा खुणा केलेल्या असतात, त्यांवरून. कमावलेली नजर अशी यंत्रात जाते; तिचे दाम कोणाला, हे युनियनने विचारायलाच हवे.

जहाजाच्या तळातल्या अरुंद टाकीत आडवे होऊन जोड मारायला मात्र अजून माणूसच लागतो.