उंदीर पडला, पण पिसू?

जबलपूरच्या बडा फुहाऱ्याच्या बाजारात पोती वाहणाऱ्या हमालाला आपण मुकाट वाट देतो. पोत्यात काय काय असतं, हे मात्र कधी विचारत नाही. मुंबई आणि कलकत्त्याकडचे लोहमार्ग १८७० मध्ये याच शहरात जोडले गेले. तेव्हापासून मालगाडीत बिनतिकिटाचे प्रवासीही असणारच.

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवीत, धान्याच्या वखारींच्या वस्तीत, डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेग ओळखला. जंतू तर येर्सिननं १८९४ मध्येच हाँगकाँगला शोधला होता, पण तो माणसात शिरतो कसा, हे कुणाला ठाऊक नव्हतं. सरकारचा सारा रोख घाणीवर आणि माणसांवर. घरं कार्बोलिकनं धुतली, सामान जाळलं, रोग्यांना ओढून नेलं. पुण्यात या सक्तीचा संताप प्लेग अधिकारी रँडच्या खुनापर्यंत पोचला. लोकांची खूण साधी होती: उंदीर पडला की घर सोडायचं आणि माळावर झोपडी टाकायची. कारण सांगता येत नव्हतं, पण माझ्या मते कार्बोलिकपेक्षा हाच उपाय शहाणा होता.

फ्रेंच डॉक्टर पॉल-लुई सिमाँला काही रोग्यांच्या अंगावर बारीक फोड दिसले, त्यात जंतू होते. नुकता मेलेला उंदीर हाताळणं घातक, बराच वेळ पडलेला मात्र निरुपद्रवी, हेही त्याच्या ध्यानात आलं. देह थंड झाला की पिसवा निघून जातात! जून १८९८ मध्ये कराचीत त्यानं काचेच्या भांड्यात पिसवांनी भरलेला आजारी उंदीर ठेवला आणि वर जाळीच्या पिंजऱ्यात धडधाकट उंदीर टांगला. दोघांचा स्पर्श होत नव्हता, तरी काही दिवसांत वरचाही प्लेगनं मेला. त्याच वर्षी नेमलेल्या प्लेग आयोगाला मात्र हे पटलं नाही.

मग ग्लेन लिस्टननं मुंबईत प्लेगच्या घरांत गिनीपिग सोडले. त्यांच्या अंगावर उंदरांच्या पिसवा गोळा व्हायच्या, जणू चालते सापळेच. पुढे १९०५ पासून परळला नवं संशोधन मंडळ कामाला लागलं. पिसवा असलेल्या झोपडीत जमिनीवरचे गिनीपिग मेले, पिसूच्या उडीपलीकडे टांगलेले वाचले.

उरला प्रश्न चाव्याचा. त्याचं उत्तर १९१४ मध्ये मार्टिन आणि बॅकट यांनी दिलं. जंतू वाढून पिसूच्या जठराचं तोंडच बुजतं. रक्त आत जात नाही, तशी ती उपाशी राहते, पुन्हापुन्हा चावते आणि दर चाव्याला ओढलेलं रक्त जंतूंसकट जखमेत परत ओकते. उंदीर मेलेला असला, तर जवळचं कुठलंही ऊबदार अंग तिला चालतं. पोत्याला टेकलेल्या हमालाचंही.