हरसूलहून ध्रुवीय प्रकाशाच्या सफरीस निघणाऱ्यांसाठी
सुमारे 20 अंश उत्तर अक्षांशावरील हरसूलच्या आकाशात ध्रुवीय प्रकाशाची अपेक्षा करणे व्यर्थ होय. तथापि 4 फेब्रुवारी 1872 च्या प्रचंड सौरवादळात तो याहूनही दक्षिणेकडील मुंबईस दिसल्याची नोंद आहे, आणि मुंबई-एडन तारेचा व्यवहारही त्या वेळी काही तास विस्कळीत झाला होता. नित्य दर्शनार्थ मात्र सप्टेंबर ते मार्च या काळात, सत्तर अंशांच्या निकट वसलेल्या नॉर्वेतील ट्रॉम्सोसारख्या नगरीस जावे लागते. तेथे आठ-पंधरा जणांच्या लहान तुकडीचा लाभ केवळ ऐषारामाचा नव्हे: किनाऱ्यावर अभ्रे दाटली, तर वाटाड्या ढगांचे नकाशे पाहून छोटी गाडी थेट फिनलंडच्या सरहद्दीकडे वळवू शकतो, जे मोठ्या बसला सहजी साधत नाही. म्हणून पारपत्र रात्रीही जवळ बाळगावे. प्रकाश मंद असल्यास डोळ्यांस दिसतो तो करडा, धुरकट पट्टा. शंभर किलोमीटर व त्याहून उंचावरील प्राणवायूचा तो गर्द हिरवा रंग कॅमेऱ्याचे शटर काही सेकंद उघडे राहिल्याने छायाचित्रात खुलतो, ही गोष्ट जाहिराती सहसा सांगत नाहीत. जादा बॅटरी सदऱ्याच्या आत, अंगाशी ठेवावी. थंडीत ती झपाट्याने उतरते. प्रकाश न दिसल्यास दुसरी फेरी मिळणार की रक्कम बुडीत, हे करारनाम्यातील कलम सही करण्यापूर्वी वाचावे, आणि एकाच रात्रीच्या भरवशावर न जाता निदान तीन-चार रात्री हाताशी ठेवाव्यात.