अर्नाळा किल्ला: विरारच्या दारातलं कोळ्यांचं बेट

विरार म्हटलं की टॉवर आणि लोकल आठवते. पण अर्नाळ्याच्या किनाऱ्यावरून होडीने थोडंसं गेलं की कोळ्यांची वस्ती असलेलं बेट लागतं, वैतरणेच्या मुखाशी. बहुतेक पर्यटक किल्ला बघून परततात. मराठ्यांनी १७३७ मध्ये तो पोर्तुगीजांकडून घेतला, दरवाजावर बाजीरावाच्या काळाचा शिलालेख आहे. तो बघाच, पण वस्तीतूनही फिरा.

इथली जुनी विद्या म्हणजे डोल जाळं. निमुळत्या पिशवीसारखं हे जाळं समुद्रात खुंटांना बांधतात, तोंड प्रवाहाकडे. मासळीचा पाठलाग नाही, पाणीच ती आत आणतं. म्हणून सगळं गणित तिथीवर: अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला ओढ जोराची आणि धंदा चांगला, अष्टमीच्या आसपास भांगाला मंद. मिळालेले बोंबील जबड्यात जबडा अडकवून जोडीने बांबूच्या वलांड्यांवर वाळत घालतात. हे काम आणि सुक्या मासळीची विक्री बायकांच्या हातात.

आज मासळी घटतेय, लाटा किनारा खातायत. ३० ऑगस्ट २०२४ ला डहाणूजवळच्या वाढवण बंदराचं भूमिपूजन झालं, मच्छीमार संघटनांचा विरोध कायम आहे. अशा वस्त्यांचा हक्क कायद्यात आणता येतो: ब्राझीलने १९८८ च्या राज्यघटनेत गुलामगिरीतून निसटलेल्या आफ्रिकनांच्या वंशजांचा वस्तीच्या जमिनीवरचा हक्क मान्य केला. आपल्या कोळीवाड्यांनाही जमिनीसोबत समुद्रावरचा परंपरागत हक्क कागदावर मिळायला हवा.

बेटावर गेलात तर कचरा परत आणा, आणि सुके बोंबील तिथल्याच मावशींकडून घ्या.