मातीतील पाऊलखुणा : हिवाळी वनफेरीतील एक धडा

काशीमिऱ्याच्या पलीकडे, डोंगराला लागून असलेल्या एका शाळेतून डिसेंबरमधील एका सकाळी आम्हाला निरोप आला. शाळेच्या मागील बाजूस, पाण्याच्या टाकीजवळच्या ओल्या मातीत मोठ्या पंजाचा ठसा उमटला होता. बिबट्या आला, ही बातमी वर्गावर्गांतून पसरली होती. काही पालक मुलांना घेऊन घरी गेले होते; काहींनी पिंजरा लावण्यासाठी अर्ज लिहायला घेतला होता. विज्ञानाच्या बाईंनी मात्र एक शहाणपणाचे काम केले होते. त्यांनी ठशावर घमेले पालथे घातले होते आणि शेजारी दोन मुलांना पहाऱ्याला उभे केले होते.

घमेले उचलून पाहिले. ठसा साडेसहा सेंटिमीटर रुंद होता. चार बोटे आणि प्रत्येक बोटापुढे एक टोकदार खळगा. हे खळगे नखांचे. बिबट्या चालताना नखे आत ओढून घेतो, त्यामुळे त्याच्या ठशात ती सहसा दिसत नाहीत. कुत्र्याला नखे आत घेता येत नाहीत. ठसा कुत्र्याचा होता. बाईंचा जीव भांड्यात पडला. तेवढ्यात पहाऱ्यावरच्या एका मुलीने विचारले, "म्हणजे बिबट्या येतच नाही ना?"

या प्रश्नाला आम्हाला "नाही" असे उत्तर देता येईना. त्या ठशावरून येथे कुत्रा आला होता एवढेच सिद्ध होत होते. बिबट्या येत नाही, हे त्यावरून सिद्ध होत नव्हते. पुरावा नसणे आणि 'नाही' याचा पुरावा असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. म्हणून पुढच्या रविवारी, वनविभागाची परवानगी घेऊन, आठवी-नववीची काही मुले, बाई, एक वनरक्षक आणि वाटाड्या म्हणून पाड्यावरचे एक वारली काका अशी आमची फेरी संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात गेली.

बर्फाची वही आणि धुळीची पाटी

थंड देशांतील राष्ट्रीय उद्यानांत हिवाळ्यात अशा फेऱ्या बर्फावरून निघतात. ताज्या, भुसभुशीत बर्फात माणूस गुडघ्यापर्यंत रुततो. म्हणून पायाला रुंद, जाळीदार जोडे बांधतात. यामागचे तत्त्व सातवी-आठवीच्या पुस्तकातलेच आहे. दाब म्हणजे बल भागिले क्षेत्रफळ. साठ किलो वजनाचा माणूस चालताना एका पायावर येतो, तेव्हा जमिनीला टेकलेले क्षेत्रफळ सुमारे १५० चौरस सेंटिमीटर धरले, तर प्रत्येक चौरस सेंटिमीटरवर ४०० ग्रॅम भार पडतो. २० सेंटिमीटर रुंद आणि ६० सेंटिमीटर लांब जोडा घातला की हाच भार ५० ग्रॅमवर, म्हणजे एक-अष्टमांशावर येतो. निसर्गाने ही युक्ती केव्हाच वापरली आहे. लडाखमधील हेमिस राष्ट्रीय उद्यानात हिवाळ्यात अभ्यासक ज्याच्या शोधात जातात, त्या हिमबिबट्याचे पंजे रुंद आणि केसाळ असतात. आपल्या तळ्यांतील कमळपक्षी लांबच लांब बोटांमुळे तरंगत्या पानांवरून चालू शकतो, तोही याच नियमाने.

आपल्याकडे बर्फ नाही, पण पायवाटेवरची मऊ धूळ आणि आटत्या ओढ्याकाठचा चिखल आहे. पावसाळ्यात ठसे धुऊन जातात आणि गवत-झुडपे दृष्टी अडवतात. डिसेंबरपर्यंत गवत वाळते, ओढे डबक्यांपुरते उरतात, आणि त्या डबक्यांकाठी सगळ्यांनाच यावे लागते.

हिवाळ्यातील सूर्यही मदत करतो. आपल्या अक्षांशावर २२ डिसेंबरला भर दुपारीसुद्धा सूर्य क्षितिजापासून फक्त ४७ अंशांवर असतो. सूर्योदयानंतर तासाभराने तो सुमारे साडेबारा अंशांवर असतो. त्या वेळी एक सेंटिमीटर उंचीच्या कडेची सावली साडेचार सेंटिमीटर पडते. म्हणजे ठशाची प्रत्येक कड सावलीने अधोरेखित होते. मेच्या मध्यास दुपारी सूर्य डोक्यावर येतो, सावली नाहीशी होते आणि तोच ठसा डोळ्यांसमोर असूनही दिसत नाही. मुलांना हे पटवायचे असेल, तर ओल्या वाळूत एक ठसा उमटवून अंधाऱ्या खोलीत त्यावर विजेरीचा झोत आधी वरून आणि मग आडवा टाकून दाखवावा.

काकांची शाळा

जंगलात शिरताच काकांनी दोनच नियम सांगितले : रांग मोडायची नाही, आणि जे दिसेल ते आधी पाहायचे, नाव नंतर विचारायचे. पहिल्या अर्ध्या तासात मुलांनी पुष्कळ पाहिले. दोन टोकदार खुरांचा लहान ठसा चितळाचा. तसाच, पण बराच मोठा सांबराचा. चिखलात खुरांच्या मागे आणखी दोन टिंबे दिसली, तर बहुधा रानडुक्कर. पाच बोटांचा छोटा ठसा मुंगसाचा किंवा उदमांजराचा असू शकतो. माकडाचा ठसा मुलांनी लगेच ओळखला, कारण त्यात बाजूला गेलेला अंगठा होता.

एका वळणावर काका थांबले. धुळीत गोलसर, साडेसात सेंटिमीटर रुंद ठसा होता. बोटे चार, नखे नाहीत, आणि तळव्याच्या गादीच्या मागच्या कडेला तीन गोलाकार भाग स्पष्ट दिसत होते. हा बिबट्याचा. कोणीही बोलले नाही. मग ती पहाऱ्यावरची मुलगी हळूच म्हणाली, "काका, तो आत्ता इथेच आहे?"

काकांनी उत्तर दिले नाही, खाली बोट दाखवले. ठसा वनरक्षकांच्या मोटारसायकलच्या चाकाच्या खुणेवर उमटला होता, आणि ही खूण आदल्या संध्याकाळच्या गस्तीची होती. म्हणजे बिबट्या त्यानंतर गेला. पण ठशाच्या आत बारीक बारीक खड्डे होते. पहाटे झाडाच्या पानांवरून टपकणाऱ्या दवाचे ते थेंब. म्हणजे दव टपकणे थांबण्यापूर्वी ठसा उमटलेला होता. भूविज्ञानात खालचा थर आधीचा आणि वरचा नंतरचा, असा नियम आहे. काकांनी तोच लावून त्या बिबट्याच्या जाण्याच्या वेळेला दोन मर्यादा घातल्या होत्या. नेमकी वेळ कळली नाही, पण संध्याकाळ ते पहाट एवढा पट्टा मिळाला. मोजमाप नेहमी असेच मर्यादांसह सांगायचे असते, हे आम्हाला वर्गात समजावून सांगायला दोन तास लागले असते.

मोजायचे कसे?

एका ठशावरून एक बिबट्या कळतो. पण एकूण किती? पूर्वी आपल्या देशात ठशांवरूनच वाघ-बिबट्यांची गणना होत असे. माती मऊ की कडक, चाल हळू की वेगाची, यावर एकाच प्राण्याचा ठसा बदलतो. त्यामुळे ती पद्धत मागे पडली. आता वाटेच्या दोन्ही बाजूंना स्वयंचलित कॅमेरे लावतात. बिबट्याच्या अंगावरील ठिपक्यांची नक्षी आपल्या बोटांच्या ठशांप्रमाणे प्रत्येकाची निराळी असते. पुन्हा-पुन्हा तेच प्राणी टिपले जातात की नवे, यावरून संख्येचा अंदाज बांधता येतो.

हे वर्गात करून पाहता येते. डब्यातील राजम्याच्या दाण्यांतून २० दाणे काढून त्यांवर खूण करा, परत मिसळा, आणि न बघता २५ दाणे काढा. त्यांत खूण केलेले ५ निघाले, तर एकूण दाणे सुमारे २० गुणिले २५ भागिले ५, म्हणजे १००. मग प्रत्यक्ष मोजून फरक किती आला ते पाहावे. २०१५ साली संजय गांधी उद्यान आणि त्याच्या लगतच्या भागात कॅमेऱ्यांच्या साहाय्याने झालेल्या अभ्यासात ३५ बिबटे ओळखता आले. सुमारे १०४ चौरस किलोमीटरच्या उद्यानासाठी आणि त्याच्या कडेसाठी ही संख्या बरीच मोठी आहे.

इतके बिबटे जगतात कशावर?

याचे उत्तर वाटेवरच्या विष्ठेत होते. तिच्यात केस होते. केसांची रचना सूक्ष्मदर्शकाखाली पाहून ते कोणत्या प्राण्याचे आहेत हे सांगता येते, आणि अशाच अभ्यासांतून या बिबट्यांच्या आहारात चितळ-सांबरांच्या बरोबरीने भटक्या कुत्र्यांचाही मोठा वाटा असल्याचे दिसले आहे. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या एका शोधनिबंधात असा अंदाज मांडला आहे की येथील बिबटे वर्षाला सुमारे १,५०० कुत्री खातात, आणि त्यामुळे माणसांना होणारे सुमारे हजार कुत्रादंश टळतात. हा अंदाज आहे, मोजणी नव्हे. पण त्याची दिशा ध्यानात घेण्याजोगी आहे.

येथे आम्हाला शाळेतला तो पहिला ठसा आठवला. "कुत्राच आहे" म्हणून आपण सुटकेचा निःश्वास टाकला, तो घाईचा होता. उघड्यावर टाकलेल्या खरकट्यावर कुत्री जगतात, आणि कुत्र्यांमागे बिबट्या येतो. साखळीची सुरुवात कचऱ्याच्या डब्यापाशी होते. १९९१ साली पावणेदोन लाख वस्ती असलेले मीरा-भाईंदर २०११ साली आठ लाखांवर गेले. वस्ती डोंगराला भिडली, कचराही भिडला.

मग पकडून दूर का सोडू नये?

हा प्रयोग आपल्याकडे होऊन गेला आहे. जुन्नर भागात २००१ पासून अनेक बिबटे पकडून इतरत्र सोडण्यात आले. त्यापूर्वी वर्षाला सरासरी चार असलेले माणसांवरील हल्ले त्यानंतर सतरापर्यंत वाढले. पकडल्याने रिकामी झालेली जागा दुसरा बिबट्या घेतो, आणि अनोळखी मुलखात सोडलेला बिबट्या भेदरलेला असतो, असे स्पष्टीकरण अभ्यासक देतात. शिवाय सोडलेला बिबट्या सोडल्या जागी राहतोच असे नाही. २००९ साली नगर जिल्ह्यातील टाकळी ढोकेश्वर येथे विहिरीत पडलेल्या एका बिबट्याला गळ्यात पट्टा बांधून माळशेज घाटाजवळ सोडले होते. अभ्यासकांनी त्याचे नाव 'आजोबा' ठेवले. तो महामार्ग आणि लोहमार्ग ओलांडत, वसईची खाडी पोहून, सुमारे १२० किलोमीटर चालत उद्यानाच्या नागला भागात, म्हणजे आपल्या अगदी शेजारी पोहोचला. इतक्या प्रवासात त्याने कोणा माणसावर हल्ला केल्याची नोंद नाही. २०११ साली महामार्गावर वाहनाच्या धडकेने तो मेला.

फेरी संपताना काकांनी मुलांना वाटेकडेचा शेंदूर लावलेला वाघोबा दाखवला. वारली माणूस त्याला नमस्कार करतो आणि संध्याकाळी पोरांना एकटे सोडत नाही. दोन्ही गोष्टी तो एकाच वेळी करतो.

शाळेतला अर्ज पाठवला गेला, पण त्यातली मागणी बदलली होती. पिंजऱ्याऐवजी कुंपणालगतचा कचरा रोज उचलावा आणि शौचालयाच्या वाटेवर दिवा लावावा, असे पालकांनी लिहिले. मुलांसाठी चार नियम फळ्यावर लागले : अंधारात गटाने व बोलत जावे, झाडीजवळ उघड्यावर उकिडवे बसू नये, कारण बसलेला माणूस लहान जनावरासारखा दिसतो, बिबट्या दिसल्यास पळू नये, वाकू नये, गर्दी करू नये, त्याची वाट मोकळी ठेवावी, आणि वनविभागाला १९२६ या क्रमांकावर कळवावे.

टाकीमागे मुलांनी चाळलेल्या मातीचा एक मीटर लांब-रुंद चौकोन केला आहे. रोज संध्याकाळी तो फळीने सपाट करायचा, सकाळी वाचायचा आणि वहीत नोंद करायची. पहिल्या महिन्याच्या नोंदीत सतरा दिवस कुत्री, नऊ दिवस मांजर, चार दिवस मुंगूस आहे. कचरा उचलला जाऊ लागल्यावर कुत्र्यांचे दिवस कमी होतात का, हे आता मुलेच पाहणार आहेत. आपल्या शाळेच्या मागे जंगल नसले, तरी चौकोनभर माती नक्कीच असेल.